दादर-माटुंगा : एका वसाहतीची जन्मकथा

मांजरसुंब्याच्या चौफुलीवर उभे राहिले म्हणजे धुळ्याकडून सोलापूरकडे जाणारा महामार्ग आणि पाटोद्याकडून केजकडे जाणारा रस्ता एकमेकांस छेदताना दिसतात. घाट चढून आलेला आणि घाट उतरू पाहणारा दोघेही येथे क्षणभर टेकतात. अशा ठिकाणी वस्ती वाढावयाचीच. आधी टपरी येते, टपरीमागून धाबा, धाब्यामागून गाळे, आणि मग एके दिवशी कोणाच्या तरी शेतात चुन्याची फक्की मारून प्लॉट पडतात. महामार्गाच्या कडेचे हे दृश्य मराठवाड्यात आता कोठेच नवे राहिलेले नाही. प्लॉट विकला जातो, घर उभे राहते, वास्तुशांतही होते. मात्र सांडपाणी कोणीकडे जावयाचे हे ठरलेले नसते. ते ज्याच्या त्याच्या दारापुढून शेजाऱ्याच्या दारापुढे जाते आणि तेथून भांडणाला सुरुवात होते. रस्ता वीस फुटांचा म्हणून कागदावर असतो आणि पायऱ्या, ओटे व मोरी वजा जाता बैलगाडीपुरता उरतो.

म्हणून आज ज्या वसाहतीची हकीकत सांगावयाची आहे तिचा क्रम याच्या बरोबर उलटा होता. तेथे आधी जमीन एकहाती घेतली गेली, मग ती भरून काढली, मग रस्ते, गटारे आणि नळ झाले, आणि त्यानंतर भूखंड पाडून घरे बांधण्यास परवानगी मिळाली. ही वसाहत म्हणजे मुंबईचे दादर-माटुंगा. मुंबईची गोष्ट बीड जिल्ह्यात कशाला, असे कोणी विचारील. एक तर आपल्याकडील पुष्कळ मंडळी दादरला उतरतात, पुलावरच्या गर्दीत धक्के खातात, आणि पूर्वेच्या बाजूस पाच मिनिटे चालले की एकाएकी झाडांच्या सावलीत सरळ, शांत गल्ल्या कशा लागतात याचे नवल करून परत येतात. दुसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. ही वसाहत ज्यांच्या नावाने मागितली गेली ते लोक तिच्यात राहावयास आले नाहीत. ते कसे झाले हे पाहण्यासारखे आहे.

प्रथम एक गैरसमज दूर करावयास हवा. आखून वस्ती वसविणे ही काही आपण इंग्रजांपासून शिकलेली विद्या नव्हे. 'पेठ वसविणे' हा आपल्या भाषेतील जुना वाक्प्रचार आहे. मलिक अंबराने १६१० साली खडकीस राजधानी वसविली तेव्हा नहरींनी पाणी आणले. पुढे तिचे औरंगाबाद झाले आणि मोगल फौजेतील रजपूत सरदारांच्या नावांनी जसवंतपुरा, जयसिंगपुरा, पदमपुरा, भावसिंगपुरा असे पुरे तटाबाहेर उभे राहिले. पुण्यास नानासाहेब पेशव्यांनी कात्रजहून नळाने पाणी आणले. पुढे माधवरावांच्या कारकीर्दीत सदाशिव पेठ आणि नारायण पेठ वसल्या. नव्या पेठेत येऊन राहणाऱ्यास कौल मिळे, म्हणजे काही वर्षे सरकारदेण्याची सूट. शेटे आणि महाजन नेमले जात, आणि पेठ भरविण्याची जबाबदारी त्यांच्यावर असे. फार कशाला, बीड शहरास पेठ बीड आहेच. आणि बीडहून मांजरसुंब्याकडे येताना जी खजाना विहीर लागते ती सोळाव्या शतकात निजामशाहीच्या अमदानीत बांधली गेली, आणि तिच्या भुयारी पाटांचे पाणी शतकानुशतके शेतीला मिळत आले. पाणी आधी आणि वस्ती मागून, ही अक्कल येथल्या लोकांना होती. इंग्रजी अमलात ती सुटली, ती मुंबईसारख्या शहरात घरमालकांच्या नफ्यापुढे सुटली, आणि ती परत आणण्यास एक भयंकर रोग यावा लागला.

१८९६ च्या सप्टेंबरात मुंबईच्या मांडवी भागात डॉ. अकासियो व्हिएगस या गोमंतकीय डॉक्टरांनी ग्रंथिक सन्निपाताचा, म्हणजे प्लेगचा, पहिला रोगी ओळखला. मांडवी हा गोदीलगतचा धान्याच्या कोठारांचा भाग. खाली गोदाम, वर चार-चार मजले माणसे, मधल्या खोल्यांना खिडकीच नाही, आणि दोन इमारतींच्या मध्ये हातभर रुंदीची बोळकांडी, जिच्यात शौचकूपांचे पाणी वाहावयाचे. काही महिन्यांत जवळजवळ निम्मे शहर गाव सोडून पळाले. गिरण्या ओस पडल्या. १८९१ च्या खानेसुमारीत मुंबईची वस्ती ८,२१,७६४ होती. १९०१ साली ती ७,७६,००६ भरली. वाढत्या शहराची लोकसंख्या दहा वर्षांनी उतरावी, हा आकडाच पुरेसा बोलका आहे. पुण्यास याच रोगाच्या बंदोबस्तातून १८९७ साली काय भडका उडाला आणि रँडचा वध कसा झाला, हे सर्वांस ठाऊक आहे. मुंबईत सरकारने तो धडा घेतला असावा. घरात घुसून माणसे ओढून नेण्यापेक्षा घरेच बदलावी, असा विचार पुढे आला.

त्या वेळच्या वैद्यकाची समजूत अशी होती की प्लेग हा कोंडलेल्या, ओल्या, अंधाऱ्या जागेचा रोग आहे. उजेड आणि वारा मिळाला की तो जाईल. हे निदान बरोबर नव्हते. १८९८ साली पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच वैद्याने कराचीस असताना उंदरांच्या पिसवांकडे बोट दाखविले, आणि पुढे काही वर्षांनी मुंबईतच झालेल्या संशोधनाने ते पक्के ठरले. पण तोवर उजेडाचे आणि वाऱ्याचे शास्त्र कायद्यात शिरले होते. चुकीच्या निदानावर दिलेले औषध दुसऱ्याच दुखण्यावर गुणकारी ठरावे तसे येथे झाले. खिडकीतून उजेड आला म्हणून पिसू मरत नाही, पण क्षयाने खंगणाऱ्या माणसाचे आयुष्य वाढते.

१८९८ साली लॉर्ड सँढर्स्ट गव्हर्नर असताना मुंबई शहर सुधारणा कायदा झाला आणि 'सिटी इंप्रूव्हमेंट ट्रस्ट' जन्मास आला. मुंबईकर त्याला बी. आय. टी. म्हणू लागले, आणि त्या नावाच्या चाळी आपण ऐकून असतो. याच वर्षी इंग्लंडात एबनेझर हॉवर्ड या लघुलेखकाचे काम करणाऱ्या गृहस्थाने उद्यान-नगरीच्या कल्पनेचे पुस्तक प्रसिद्ध केले. दोन्ही गोष्टी एकाच साली घडल्या हा योगायोगच. पण शहर आपोआप वाढते तसे वाढू देणे परवडत नाही, हा विचार त्या काळी जगभर हवेत होता. आपले हैदराबाद संस्थानही त्याला अपवाद नव्हते. बीड तेव्हा निजामाच्या मुलखात. १९०८ साली मुसा नदीला महापूर येऊन हैदराबादचा मोठा भाग वाहून गेला, आणि १९१२ साली तेथे नगर सुधारणा मंडळ स्थापन झाले. मुंबईला रोगाने जे शिकविले ते हैदराबादला पुराने शिकविले.

ट्रस्टच्या मंडळात सरकार, नगरपालिका, बंदर, व्यापारी मंडळी आणि गिरणीमालक यांचे प्रतिनिधी होते. ज्यांची घरे पाडावयाची त्यांचा कोणी नव्हता. ट्रस्टपुढे तीन कामे होती. दाट वस्तीतून रुंद रस्ते काढणे, जेणेकरून समुद्राचा वारा आत शिरेल. सडलेल्या वस्त्या पाडून तेथे चाळी बांधणे. आणि शहराच्या उत्तरेस मोकळ्या जागेवर नवी उपनगरे आखणे. प्रिन्सेस स्ट्रीट, सँढर्स्ट रोड हे पहिल्या कामाचे फळ. दुसऱ्या कामासाठी नागपाडा, मांडवी-कोळीवाडा अशा वस्त्या घेतल्या. आणि तिसऱ्या कामातील सर्वांत मोठ्या दोन योजना म्हणजे पाचव्या क्रमांकाची दादर-माटुंगा आणि सहाव्या क्रमांकाची शीव-माटुंगा.

कागदावर हिशेब सरळ होता. दाट वस्तीतून लोक बाहेर काढावयाचे, आणि उत्तरेस त्यांना हवेशीर जागा द्यावयाची. प्रत्यक्षात पाडण्याचे काम झपाट्याने झाले आणि बांधण्याचे रेंगाळले. घर पाडण्यास पहार पुरते. बांधण्यास पैसा लागतो. नागपाड्यातून उठलेला हमाल काही मैल उत्तरेस जाऊन राहणार कसा? त्याचे काम गोदीवर, मजुरी रोजची, आणि पहाटेच्या पुकाऱ्याला हजर राहिले नाही तर त्या दिवसाची चूल बंद. तो उठला आणि शेजारच्या गल्लीत, आधीच भरलेल्या चाळीत, आणखी दाटीवाटीने राहिला. त्यामुळे एका ठिकाणची दाटी मोडली तशी दुसऱ्या ठिकाणची वाढली. ट्रस्टच्या अधिकाऱ्यांनाही पुढे हे कळून चुकले. मग गिरणगावाच्या आसपास, आग्रीपाडा, परळ वगैरे भागांत, कामगारांसाठी बी. आय. टी. चाळी उठू लागल्या : दहा-बारा फुटांची खोली, समोर गॅलरी, मजल्यावर सामाईक नळ आणि संडास. भाडे कमी, बांधकाम भक्कम, आणि उजेड-वारा जुन्या चाळींपेक्षा निश्चित बरा. पण तरीही ती एकच खोली.

आता दादर-माटुंग्याकडे वळू. मुंबईच्या बेटांतील हा उत्तरेकडील भाग तेव्हा गावठाणांचा होता. भाताची खाचरे, नारळी-ताडीची झाडे, पाणथळ आणि मिठागरे. भंडारी माड काढीत, आगरी आणि कुणबी शेत कसीत, कोळी खाडीवर असत. ट्रस्टने शेकडो एकर जमीन ताब्यात घेण्याची नोटीस काढली आणि नुकसानभरपाईच्या दाव्यांना सुरुवात झाली. यासाठी कायद्याने खास न्यायासन नेमले होते. दावे वर्षानुवर्षे चालले. योजना शतकाच्या आरंभी जाहीर झाली आणि घरांची खरी वर्दळ १९२० नंतर सुरू झाली, यावरून विलंबाची कल्पना यावी. मोबदला जमिनीच्या मालकास मिळतो. जो ती नुसती कसतो, जो झाडावर चढतो, त्याच्या हाती काय पडते हा प्रश्न त्या काळी कोणी फारसा विचारला नाही. महामार्गाच्या रुंदीकरणात ज्यांच्या जमिनी गेल्या आहेत त्यांना हे अधिक फोड करून सांगावयास नको. केंद्र सरकारच्या २०१३ च्या भूसंपादन कायद्याने कुळाचा आणि जमिनीवर पोट असणाऱ्याचा विचार केला. पण तो शंभराहून अधिक वर्षांनी.

जमीन ताब्यात आल्यावर ट्रस्टने जे केले ते मात्र शिकण्यासारखे होते. खाचरे भरून जमिनीची पातळी उंचावली. मग मोठे रस्ते आखले : दक्षिणोत्तर हमरस्ता, त्याला जोडणारे आडवे रस्ते, त्यांच्या मध्ये गल्ल्या. माटुंग्यास रस्त्यांच्या मिलाफावर वर्तुळाकार बाग केली, ती किंग्ज सर्कल. तिचे नाव आता महेश्वरी उद्यान. रस्त्याखाली गटारे घातली, नळ टाकले. तानसा तलावाचे पाणी मुंबईस १८९२ पासून मिळू लागले होते; ते नसते तर ही सारी आखणी नकाशातच राहिली असती. शाळा-महाविद्यालयांसाठी आणि बागांसाठी जागा राखल्या, आणि उरलेल्या जमिनीचे भूखंड पाडले.

भूखंड विकले नाहीत, हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे. ते दीर्घ मुदतीच्या भाडेपट्ट्याने दिले. पारशी वसाहतीतील पट्टे तर ९९९ वर्षांचे. विक्री आणि इतक्या लांब पट्ट्यात फरक काय, असे कोणासही वाटेल. फरक हा की पट्ट्यात अटी घालता येतात. घर किती उंच असावे, सीमेपासून किती आत असावे, ओटा रस्त्यावर येऊ नये, किती मुदतीत बांधले पाहिजे, हे सारे त्यात लिहिलेले. विकून टाकलेल्या प्लॉटच्या मालकास ग्रामपंचायत नोटीस देऊन थकते. पट्टेदाराच्या मानेवर त्याचा स्वतःचाच करार असतो.

या अटींपैकी एक मोठी मजेची आहे. जे. पी. ऑर हे ट्रस्टचे अध्यक्ष. त्यांनी १९१२ साली मुंबईतील घरांचा उजेड आणि वारा या विषयावर व्याख्यान दिले आणि साडेत्रेसष्ट अंशांचा नियम लोकांपुढे मांडला. खिडकीच्या पायथ्यापासून बाहेरच्या दिशेने जमिनीशी साडेत्रेसष्ट अंशांचा कोन करणारी रेषा कल्पावी. समोरच्या इमारतीचे डोके त्या रेषेच्या वर जाता कामा नये. ज्यांना शाळेतील त्रिकोणमिती आठवत नसेल त्यांनी एवढेच समजावे की समोरची भिंत चाळीस फूट उंच असेल तर मध्ये वीस फूट मोकळे अंगण पाहिजे. हातात सूत आणि ओळंबा असलेल्या गवंड्यालाही हे पाळता येते. एवढ्या एका साध्या नियमाने खालच्या मजल्यावरच्या खोलीत दिवसा उजेड पोचला.

आरंभी ट्रस्टच्या मनात बंगल्यांचे उपनगर होते. पण बंगला परवडणारा माणूस मलबार हिल सोडून भाताच्या खाचरावर राहावयास येईना, आणि जो येऊ इच्छीत होता त्याला बंगला परवडेना. यातून एक नवीच वस्तू निघाली. ती म्हणजे ब्लॉक. तळमजला आणि वर दोन मजले, प्रत्येक मजल्यावर दोन-चार ब्लॉक, आणि प्रत्येक ब्लॉकात स्वतःचे स्वयंपाकघर, स्वतःची मोरी, स्वतःचा संडास. आपल्याला यात काही विशेष वाटत नाही. पण संडास घराच्या छपराखाली घेणे ही त्या पिढीस साधी गोष्ट नव्हती. विटाळाच्या साऱ्या कल्पना त्याला आडव्या येत. पहिल्या ब्लॉकांत संडास शक्य तितका मागे, सज्जाच्या टोकाला ठेवीत, तो हळूहळू आत आला. धर्मशास्त्राने जे सोडले नसते ते भाड्याच्या सोयीने सुटले!

घरे बांधली तरी माणसे येण्यास वाहन लागते. १९२५ च्या फेब्रुवारीत बोरीबंदर ते कुर्ला विजेची गाडी धावली; १९२८ साली पश्चिमेच्या मार्गावरही विजेच्या गाड्या आल्या. दादरला दोन्ही रेल्वे. ट्रामही दादरपर्यंत पोचली. मुंबईची शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ रोजी धावली तीही बोरीबंदर ते दादर. फोर्टातील कचेरीत दहाला पोचणारा कारकून आता दादरला राहू शकत होता. कारकून, मास्तर, वकील, डॉक्टर, बँकेतला हिशेबनीस अशी महिन्याचा पगार घेणारी मंडळी या वसाहतीत आली. पहाटेच्या पुकाऱ्याला गोदीवर उभा राहणारा आला नाही. कोणी त्याला मज्जाव केला होता असे नाही. ब्लॉकचे भाडे हाच मज्जाव होता. प्लेगाने मेलेल्यांच्या नावावर घेतलेल्या जमिनीवर त्यांचे हिशेब लिहिणारे राहू लागले.

यात त्या मंडळींचा दोष काय? गिरगावातील अंधाऱ्या खोल्यांतून ती बिचारी सुटली आणि त्यांनी ही वसाहत जीव लावून वाढविली. मंचेरजी एदलजी जोशी या पारशी इंजिनिअराचे उदाहरण घ्यावे. गरीब व मध्यम स्थितीतील पारशांसाठी त्यांनी ट्रस्टकडून १०३ भूखंड राखून घेतले, आणि एकेका रस्त्यास एकेका जातीची झाडे लावविली. तेथील पाच बागा त्यांच्याच नावाने ओळखल्या जातात. माटुंग्यास तमिळ मंडळी आली. त्यांनी देवळे, खानावळी आणि १९३२ साली साउथ इंडियन एज्युकेशन सोसायटी उभी केली. १९३७ साली रुइया आणि खालसा ही दोन्ही महाविद्यालये याच परिसरात निघाली. भाड्याने राहणाऱ्यांनी एकत्र येऊन स्वतःची घरे बांधावी ही सहकारी गृहसंस्थेची कल्पना श्रीपाद सुब्राव तालमकी यांनी १९१५ साली गावदेवीस सारस्वतांच्या संस्थेत प्रत्यक्षात आणली होती. ती या नव्या उपनगरातही रुजली. पश्चिमेस नगरपालिकेने १९२५ साली माहीम पार्क लोकांस खुला केला, आणि दोन वर्षांनी, शिवजन्माच्या त्रिशताब्दीच्या वेळी, अवंतिकाबाई गोखले यांच्या आग्रहाने त्याचे नाव शिवाजी पार्क झाले. त्या मैदानाने पुढे महाराष्ट्राच्या राजकारणात काय काय ऐकले ते निराळे सांगावयास नको.

परंतु नावे पाहावी : पारशी कॉलनी, हिंदू कॉलनी, सारस्वतांची संस्था, तमिळांचे माटुंगे. आखणी नव्या विद्येची, गटारे नव्या तऱ्हेची, आणि शेजार मात्र जुन्या आळीचा. ज्याने त्याने आपल्या जातीचा शेजार बरोबर आणला. सहकारी संस्थेस तर ते सोयीचेच होते. ओळख असली की विश्वास असतो, विश्वास असला की वर्गणी वसूल होते. खेड्यात जे कुसाच्या आत आणि कुसाबाहेर होते ते येथे भाडेपट्ट्याच्या भाषेत आले.

याच ट्रस्टच्या दोन वास्तू एका माणसाच्या आयुष्यात आल्या, म्हणून त्यांच्याकडे मुद्दाम पाहू. परळला दामोदर हॉलच्या जवळ बी. आय. टी. ची पहिल्या क्रमांकाची चाळ. तिच्यातील ५० आणि ५१ या क्रमांकाच्या दोन खोल्यांत डॉ. बाबासाहेब आंबेडकर सुमारे दोन दशके राहिले. अमेरिकेहून आणि विलायतेहून पदव्या घेऊन आलेला हा प्राध्यापक आणि बॅरिस्टर याच खोल्यांत संसार करी. मजल्यावरच्या सामाईक नळावर पाणी भरणाऱ्या रमाबाई याच गॅलरीत वावरल्या. राजर्षी शाहू महाराज त्यांना भेटावयास या चाळीत आले होते. महाडचा सत्याग्रह १९२७ चा आणि पहिली गोलमेज परिषद १९३० ची. दोन्ही वेळी त्यांचे बिऱ्हाड चाळीतच होते.

पुस्तके वाढत गेली तशी जागा अपुरी पडू लागली. मग दादरच्या हिंदू कॉलनीत, म्हणजे ट्रस्टच्याच आखलेल्या उपनगरात, बाबासाहेबांनी स्वतः लक्ष घालून घर बांधविले आणि मगधाच्या जुन्या राजधानीवरून त्याचे नाव 'राजगृह' ठेवले. १९३३-३४ च्या सुमारास ते तेथे राहावयास गेले. घर बांधण्याचे मुख्य कारण ग्रंथसंग्रह. तो पुढे पन्नास हजारांवर गेल्याचे सांगतात. रमाबाईंना ते घर फार लाभले नाही. २७ मे १९३५ रोजी राजगृहातच त्या वारल्या. आणि १९३६ साली, या घरात राहात असताना, बाबासाहेबांनी जातिभेदाच्या उच्छेदावरचे ते भाषण लिहिले जे लाहोरच्या मंडळाने त्यांना करू दिले नाही आणि जे त्यांना स्वतःच छापून काढावे लागले. हिंदू कॉलनी या नावाच्या वसाहतीत बसून ते लिहिले गेले, याची नोंद दादरच्या इतिहासात ठळक व्हावयास पाहिजे. बहुधा ती होत नाही.

एवढे मात्र मान्य केले पाहिजे की ज्या गावकुसाने त्यांच्या बापजाद्यांस बाहेर ठेवले ते कूस ट्रस्टच्या नकाशात काढलेले नव्हते. भूखंड पट्ट्याने मिळतो, पट्ट्यास रक्कम लागते, आणि रक्कम भरणाऱ्याची जात नकाशा विचारीत नाही. लोक विचारीत असतील. पण रक्कम ज्याच्याजवळ नव्हती त्याच्यासाठी तो नकाशाही कुसासारखाच होता. परळच्या चाळीतून एक कुटुंब हिंदू कॉलनीत गेले. उरलेली चाळ जागच्या जागी राहिली.

चाळीत राहणाऱ्यांसाठी सरकारने पुढे काय केले? लॉर्ड लॉइड यांच्या कारकीर्दीत १९२० साली डेव्हलपमेंट डिपार्टमेंट निघाले आणि वरळी, नायगाव, डिलाइल रोड व शिवडी येथे २०७ बी. डी. डी. चाळी उठल्या. पुन्हा तीच एक खोली, आता सिमेंट-काँक्रीटची. ट्रस्टचा कारभार १९३३ साली नगरपालिकेत पुरता विलीन झाला. स्वातंत्र्यानंतर भाडेनियंत्रणाने दादरचे भाडेकरू स्थिर झाले आणि इमारती जुन्या झाल्या. १९७० साली सिडकोची स्थापना झाली. नवी मुंबई आणि त्यामागून नवे औरंगाबाद तिने आखले. औरंगाबादचे, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरचे, एन-एक, एन-दोन असे क्रमांकांचे भाग बीडकरांच्या चांगल्या परिचयाचे आहेत. आपल्याकडील नोकरदार मंडळींची पहिली स्वतःची घरे त्यात आहेत. तेथे एक गोष्ट दादरपेक्षा बरी झाली. भूखंड आणि घरे उत्पन्नाच्या मानाने लहान-मोठी आखली, म्हणजे अल्प उत्पन्नाच्या माणसाचाही विचार आरंभीच नकाशात घेतला. २००६ साली सिडकोने ती वसाहत महापालिकेच्या स्वाधीन केली. तेथेही रोजंदारीचा माणूस कितपत टिकला, आणि बीड जिल्ह्यातून दर हंगामात ऊसतोडीस जाणाऱ्या कुटुंबाची कोपी कोणत्या नकाशात येते, हा स्वतंत्र व्याख्यानाचा विषय आहे.

दादर-माटुंग्याच्या तीन मजली इमारती आता एकामागून एक पडत आहेत आणि त्यांच्या जागी मनोरे उठत आहेत. साडेत्रेसष्ट अंशांची रेषा त्यांच्या कमरेशीही पोचत नाही. गटारे मात्र पुष्कळ ठिकाणी ट्रस्टच्या वेळच्याच आखणीवर चालतात, आणि रस्त्यांची रुंदी, गल्ल्यांचा काटकोन, बागांच्या जागा त्याच आहेत.

६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीस बाबासाहेबांचे निर्वाण झाले. त्यांचा देह विमानाने मुंबईस आणून राजगृहात ठेवला. दुसऱ्या दिवशी अंत्ययात्रा निघाली ती ट्रस्टने आखलेल्या रुंद व्हिन्सेंट रोडने दक्षिणेस परळकडे गेली, एल्फिन्स्टनचा पूल ओलांडून पश्चिमेस वळली आणि दादरच्या समुद्रकाठी पोचली. लाखो माणसे त्या रस्त्यावर होती, आणि त्यांतील पुष्कळशी चाळींतून आलेली होती. त्या रस्त्याचे नाव आता डॉ. बाबासाहेब आंबेडकर मार्ग असे आहे.